दोन हंगाम

'हंगाम' हा शब्द आमच्या वाशिमकडे शेतासाठीच राखून ठेवलेला आहे. खरिपाचा हंगाम, रब्बीचा हंगाम. फार झाले तर लग्नसराईचा. फुटबॉललाही हंगाम असतो असे म्हटले, तर आमच्या बाजारातला शेतकरी पान चघळता चघळता हसेल. परंतु त्या खेळालाही हंगाम आहे, आणि तो नेमका आमच्या हंगामावर येऊन पडतो. वऱ्हाडच्या या कोपऱ्यात कॉलेजचा फुटबॉल-संघ उभा राहता राहता का बसतो, याचे मर्म मला या एका गोष्टीत दिसते.

फुटबॉल हा मुळात पावसाळ्याचा खेळ नव्हे. १८६३ साली लंडनमध्ये त्याचे नियम ठरले तेव्हापासून विलायतेत तो थंडीच्या दिवसांतच खेळला जातो. गोऱ्या पलटणींबरोबर तो हिंदुस्थानात आला. सिमल्याला १८८८ मध्ये ड्युरांड स्पर्धा सुरू झाली, मुंबईला १८९१ मध्ये रोव्हर्स कप. पण इथे हिवाळ्यावर क्रिकेटने आधीच हक्क सांगितला होता आणि उन्हाळ्यात जमिनीची वीट होते. राहिला पावसाळा. १८९८ मध्ये कलकत्त्याची लीग सुरू झाली, आणि भर पावसात, चिखलात फुटबॉल हे तिथले वर्षाचे वेळापत्रकच होऊन बसले. खेळणाऱ्यांनी आपल्या सोयीसाठी ऋतू बदलला. खेळाचे त्यात काही बिघडले नाही.

आपल्या लोकांत हा खेळ रुजला तो विद्यार्थ्यांमुळे. १८७७ च्या सुमारास कलकत्त्याच्या हेअर स्कूलमधल्या नगेंद्रप्रसाद सर्वाधिकारी नावाच्या मुलाने वर्गसोबत्यांकडून पैसे गोळा करून चेंडू आणला. तो निघाला रग्बीचा! शेजारच्या प्रेसिडेन्सी कॉलेजातील स्टॅक नावाच्या प्राध्यापकांनी मुलांना खरा खेळ समजावून दिला, असे सांगतात. याच सर्वाधिकारींच्या शोभाबाजार क्लबाने १८९२ मध्ये ट्रेड्स कपच्या सामन्यात ईस्ट सरे पलटणीला हरवले. आणि २९ जुलै १९११ रोजी मोहन बागानच्या संघाने ईस्ट यॉर्कशायर पलटणीला २-१ असे नमवून आयएफए शील्ड जिंकली. त्या अकरा जणांत दहा अनवाणी होते. बूट नसले तरी चालले. पण संध्याकाळचे दोन तास त्या सर्वांपाशी होते, हे विसरता येत नाही.

आमच्या विदर्भात चेंडू आला तोही छावणीच्याच वाटेने. कन्हानच्या काठी १८२१ मध्ये कामठीची छावणी वसली, आणि त्या गावच्या गल्ल्यांतून फुटबॉलचे वेड अजून गेलेले नाही. नागपुरात हिस्लॉप कॉलेज १८८३ मध्ये निघाले, मॉरिस कॉलेज १८८५ मध्ये. १९२३ साली विद्यापीठ आले. वऱ्हाडात मात्र वेगळे वारे होते. अमरावतीचे हनुमान व्यायाम प्रसारक मंडळ १९१४ चे. १९३६ मध्ये त्याची मंडळी बर्लिनच्या ऑलिंपिकला गेली ती आपला हुतुतू दाखवायला. हुतुतूला ना चेंडू लागतो, ना गवताचे मैदान. शेतावरून आल्यावर चांदण्यातही तो रंगतो. वाशिमला तर छावणी नव्हती, आणि १९०५ मध्ये जिल्ह्याचे ठाणेही गेले, ते परत आले १ जुलै १९९८ रोजी. मधल्या ९३ वर्षांत आमची पोरे हुतुतूच खेळली.

आता कॉलेजे आहेत, चेंडू आहे, बूटही आहेत. मला कॉलेज बाहेरूनच ठाऊक. पण माझ्या हाताखालून गेलेली मुले तिथे खेळतात, म्हणून एका वर्षी मी त्यांचा अख्खा हंगाम पाहिला. जूनअखेर सोळा नावे लागली. जुलैत काळ्या मातीने बुटांना शेर-शेर चिखल चढवला, आणि डवरणी-निंदणीने तीन नावे नेली. पोळ्यानंतर सराव बरा झाला. दसऱ्याच्या पुढे-मागे सामना ठरला आणि त्याच आठवड्यात सोयाबीनची सोंगणी आली. नियमाप्रमाणे सात गडी असले तरी सामना सुरू होतो. आमचे नऊ होते. गोलात नेहमीचा मुलगा नव्हता. चार गोल झाले.

दुसऱ्या दिवशी तो मुलगा भेटला. म्हणाला, "गुर्जी, आभाय आलं होतं, गंजी उघडीच होती. मंग काय करू?"

त्याला मी काय सांगणार? त्या गंजीत त्याची फी होती आणि बहिणीचे लग्नही. कोणताही शहाणा बाप जे करील तेच त्याने केले. मात्र कॉलेजच्या वहीत त्याच्या नावापुढे 'गैरहजर' एवढेच पडले. अशा नोंदी वाचून उद्या कोणी लिहील, की वाशिमच्या मुलांना खेळाची आवड नाही.

नागपुरात हिस्लॉप कॉलेजचे क्रीडाशिक्षक विजय बारसे यांनी २००१ मध्ये पावसात फुटके भांडे लाथाडणारी झोपडपट्टीतली पोरे पाहिली. मुले कॉलेजात येण्याची वाट न पाहता ते चेंडू घेऊन मुलांकडे गेले. २०२२ च्या 'झुंड' चित्रपटामुळे ती कथा घरोघर पोचली. आमच्याकडे वस्ती शोधायला नको, ती समोरच आहे. शोधायचे आहेत ते दिवस.

आणि दिवस तर आहेत. हरभरा पेरून झाला की पौष-माघात संध्याकाळी आमची मुले पारावर रिकामी बसलेली असतात. जमीन वाळलेली, हवा थंड, अगदी विलायतेसारखी. साहेबाने आपल्या सोयीसाठी फुटबॉल हिवाळ्यातून पावसाळ्यात आणला. तो पुन्हा हिवाळ्यात नेण्यासाठी विद्यापीठाचे एक परिपत्रक पुरे आहे. मग चारऐवजी पाच गोलांनी हरलो तरी चालेल. निदान अकरा जण मिळून हरू.