मिलिगन, स्पाइक

मिलिगन, स्पाइक : (१६ एप्रिल १९१८–२७ फेब्रुवारी २००२). इंग्रजी विनोदी लेखक, नट व बालकवी. मूळ नाव टेरेन्स ॲलन. जन्म अहमदनगर (आता अहिल्यानगर) येथे. वडील लिओ हे आयरिश, लष्करात नोकरीला. नगर छावणीचे गाव, तेव्हा हा जन्म बदलीच्या नोकरीतला. शाळा पुण्याच्या कॉन्व्हेंटमध्ये सुरू झाली, पुढे रंगूनला. किशोरवयात कुटुंब इंग्लंडला गेले.

दुसऱ्या महायुद्धात ते तोफखान्यात होते. १९४४ मध्ये इटलीत मोंते कासिनोजवळ जखमी झाले; मनाच्या आजाराने पुढे जन्मभर सोबत केली.

‘द गून शो’ (१९५१–६०) ही बीबीसीची नभोवाणी मालिका हे त्यांचे मुख्य काम. बहुतेक संहिता त्यांच्याच, काही लॅरी स्टीफन्स व एरिक साइक्स यांच्या साथीने. सोबत पीटर सेलर्स आणि हॅरी सीकम. एकल्स हा मठ्ठ भोळसट मिलिगन यांच्याच आवाजातला. संवादांत हिंदुस्थानी शब्द डोकावतात. लालकाका आणि बॅनर्जी ही पात्रेही आहेत. पायमोज्यात कस्टर्ड भरून फळीवर आपटले तर कसा आवाज येतो हे पाहण्यासाठी त्यांनी उपाहारगृहातून कस्टर्ड मागवून स्वतःच्या मोज्यात ओतले, अशी आठवण सांगतात. म्हणे, आवाज पसंत पडला नाही.

हाच मजकूर दूरचित्रवाणीवर आला तो बाहुल्यांच्या रूपात. ‘द टेलिगून्स’चे (१९६३–६४) २६ भाग झाले. संहितांचे रूपांतर मॉरिस विल्टशर यांनी केले, आवाज मात्र त्याच तिघांचे. कानाने रंगवायचे चित्र डोळ्यांपुढे आणल्यावर त्यातली थोडी मजा गेलीच. १९६९ च्या ‘क्यू ५’मध्ये खुद्द मिलिगन पडद्यावर दिसले. शेवटाचा धक्का न देताच प्रसंग मध्येच तोडण्याची त्यातली रीत ‘माँटी पायथन’ या विनोदी मालिकेच्या मंडळींनी उचलली. उतारवयात ‘वुल्व्ज, विचेस अँड जायंट्स’ या मुलांच्या ॲनिमेशन मालिकेचे निवेदन त्यांनी केले.

लहानांसाठीचे लेखन वेगळेच टिकले. ‘सिली व्हर्स फॉर किड्स’ (१९५९) या संग्रहातली ‘ऑन द निंग नँग नाँग’ ही कविता १९९८ मध्ये ब्रिटनमधल्या मतदानात सर्वांत आवडती विनोदी कविता ठरली. ‘बॅडजेली द विच’ (१९७३) ही चेटकिणीची गोष्टही त्यांचीच. विंदा करंदीकरांच्या बालकविता ज्यांच्या कानात आहेत, त्यांना हा आचरटपणा परका वाटणार नाही.

ब्रिटिश पारपत्रासाठी राजनिष्ठेची शपथ घेण्याचे त्यांनी नाकारले आणि १९६२ मध्ये आयरिश नागरिकत्व घेतले; त्यामुळे पुढे मिळालेली नाइटची पदवी मानदच राहिली. निधन राय (ससेक्स) येथे.

मराठी वाचकाने सुरुवात ‘सिली व्हर्स’पासून करावी, आणि ती मोठ्याने वाचावी.