मामूंचा आजार आणि बार्शीची नोंदवही

परांड्याच्या किल्ल्यावर मी शाळेतल्या मुलांची सहल नेतो तेव्हा मलिक-ए-मैदान तोफेची गोष्ट सांगतोच. १५४९ साली अहमदनगरला मुहम्मद बिन हसन रूमी याने ती ओतली, पुढे ती परांड्यात आली आणि १६३२ साली विजापूरला नेली गेली. वजन सुमारे ५५ टन. ओतणाऱ्याचे नाव, साल, वजन, मुलांना सगळे पाठ होते.

त्याच परांडा तालुक्यात माझे आजोळ आहे. तिथल्या कब्रस्तानात आईकडच्या तीन पिढ्या आहेत. त्यातले कोण कोणत्या आजाराने गेले, हे मला एकाचेही नीट सांगता येत नाही. विचारले की उत्तरे ठरलेली. पोटात दुखायचे. ताप आला होता. वय झाले होते. तोफेचे वजन आपण लिहून ठेवले, माणसाच्या मरणाचे कारण मात्र लिहिले नाही.

माझ्या मामूंच्या आजाराचे नाव आम्हाला कळले. पण ते फार उशिरा कळले.

मामू शेतकरी होते, पन्नाशीतले. एक दिवस लघवी लाल झाली. आपल्याकडे अशा वेळी 'उन्हाळी लागली' म्हणतात आणि धने-जिऱ्याचे पाणी देतात. मामूंनी तेच केले. दोन दिवसांत लघवी साफ झाली. महिन्याने पुन्हा रक्त आले. मुमानी दवाखान्यात चला म्हणायच्या, तर मामूंचे उत्तर एकच, "गर्मी हुई है, कुछ नई." पुढे एका ठिकाणी मुतखडा म्हणून गोळ्या मिळाल्या, दुसऱ्या ठिकाणी जंतुसंसर्ग म्हणून इंजेक्शने. मधूनमधून लघवीतून डिंकासारखे चिकट काहीतरी जायचे. ते त्यांनी लाजेपोटी कुणालाच सांगितले नाही. असे सव्वा वर्ष गेले. शेवटी सोनोग्राफीत मूत्राशयाच्या माथ्यावर गाठ दिसली. सीटी स्कॅन झाले, दुर्बिणीने तुकडा काढला आणि अहवालात एक शब्द आला, 'युरेकस'. मी उर्दू आणि मराठी दोन्ही शिकवतो. माझ्या घरातल्या एकाही शब्दकोशात तो नव्हता.

डॉक्टरांनी कागदावर चित्र काढून समजावले. बाळ आईच्या पोटात असते तेव्हा त्याचे मूत्राशय आणि बेंबी यांना जोडणारी एक बारीक नळी असते. तीच युरेकस. जन्माच्या सुमारास ती बंद होते आणि मागे एक दोरी उरते. तुमच्या-माझ्या सगळ्यांच्या पोटात ती आहे. काहींच्या दोरीत जुन्या पेशींचा थर शिल्लक राहतो आणि अगदी क्वचित त्यातून कर्करोग होतो. मूत्राशयाच्या शंभर कर्करोगांत असा एकही सापडत नाही. गाठ सुरुवातीला मूत्राशयाच्या बाहेर, पोटाच्या भिंतीमागे वाढते. तेव्हा दुखत नाही आणि लघवीलाही त्रास होत नाही. ती मूत्राशयाच्या छतातून आत शिरली की मग रक्त दिसते. काहींच्या लघवीत चिकट स्राव येतो, कारण या गाठी बहुधा स्राव तयार करणाऱ्या पेशींच्या असतात. म्हणजे मामूंचे शरीर खूण दाखवत होते, ती कुणी वाचत नव्हते.

ही खूण वाचण्याची साधनेही माणसाला हळूहळूच मिळाली. मूत्राशयाच्या आत पाहणारी दुर्बीण मॅक्स निट्झे यांनी १८७९ साली व्हिएन्नात दाखवली. १९३१ मध्ये बेग नावाच्या शल्यविशारदाने या गाठींवर सविस्तर निबंध लिहिला. नाव वाचून मला आपल्यातलाच कुणी मिर्झा बेग वाटला होता, पण ते न्यूझीलंडचे निघाले. सीटी स्कॅनने पहिल्या रुग्णाची तपासणी लंडनमध्ये १९७१ साली झाली. या आजाराचे टप्पे ठरवणारी पद्धत शेल्डन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी १९८४ मध्ये मांडली.

उपचारात मुख्य आहे ती शस्त्रक्रिया. मूत्राशयाचा वरचा भाग, ती दोरी आणि बेंबी एकाच तुकड्यात काढतात. बेंबी काढायची, कारण दोरीचे दुसरे टोक तिथे असते आणि रोग दोरीवरून तिथवर पोचलेला असू शकतो. उरलेले मूत्राशय पुष्कळदा नीट काम करते. रोग पसरला असेल तर किमोथेरपी देतात. या गाठी आतड्याच्या कर्करोगासारख्या दिसतात, म्हणून औषधेही बरीचशी त्याच धर्तीची असतात आणि मूळ आतड्यात नाही ना, हे आधी तपासतात.

मामूंना ऑपरेशनची भीती नव्हती. भीती होती ती पिशवीची. "पिशवी लगाए तो नमाज कैसी पढूँ?" हे त्यांनी मला तीनदा विचारले. मी मशिदीच्या इमामसाहेबांना विचारून आलो. ज्याची लघवी थांबत नाही तो शरीयतमध्ये माजूर ठरतो. त्याने प्रत्येक नमाजच्या वेळेला नवा वजू करावा आणि नमाज पढावी, त्याची नमाज होते. हे ऐकून मामूंचा चेहरा बदलला. पण तोवर रोग पोटाच्या आतल्या पडद्यावर पसरला होता आणि शस्त्रक्रियेची वेळ निघून गेली होती. किमो झाली. अकरा महिन्यांनी त्यांचा इंतकाल झाला.

हजार वर्षांपूर्वी कुर्तुबाजवळच्या अल-जहरा शहरात अबुल कासिम अल-जहरावी नावाचे मोठे जर्राह होऊन गेले. त्यांच्या 'अत-तसरीफ' या ग्रंथाचे ३० भाग आहेत आणि शेवटचा भाग शस्त्रक्रियेचा आहे. कर्करोग लहान असेल आणि हात पोचेल अशा जागी असेल तरच कापून काढावा, जुना आणि मोठा झालेला बरा करणे आपल्याला जमले नाही आणि इतर कुणाला जमलेलेही आपण पाहिले नाही, असे त्यांनी प्रांजळपणे लिहून ठेवले आहे. आज साधने बदलली, औषधे आली. तरी वेळेचे महत्त्व कमी झालेले नाही.

मामूंच्या नंतर मी शोधू लागलो की आपल्या भागात कर्करोगाची मोजदाद कुणी केली का. उत्तर शेजारीच, बार्शीत मिळाले. तिथे नर्गिस दत्त यांच्या नावाचे कर्करोग रुग्णालय आहे. नर्गिस म्हणजे फातिमा रशीद. ३ मे १९८१ रोजी त्या स्वादुपिंडाच्या कर्करोगाने गेल्या. १९८७ साली बार्शीत देशातली पहिली ग्रामीण कर्करोग नोंदणी सुरू झाली. ती बार्शी, परांडा आणि भूम या तीन तालुक्यांतल्या ३४६ गावांसाठी होती. म्हणजे तीनपैकी दोन तालुके आपल्या जिल्ह्याचे.

तोवर अशा नोंदी मोठ्या शहरांत व्हायच्या. तिथे रुग्ण दवाखान्यात येतो आणि कारकून नोंद घेतो. खेड्यातला रुग्ण दवाखान्यात येतच नाही, तर नोंद कशी घेणार? म्हणून बार्शीच्या डॉ. बी. एम. नेने, डॉ. कस्तुरी जयंत आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी उलटी वाट धरली. कार्यकर्ते गावोगाव जात, लोकांना बसवून खुणा सांगत. कुठे गाठ आहे का, कुठून रक्त जाते का, जखम भरत नाही का. संशय आला तर माणसाला तपासणीसाठी बार्शीला नेत. हेतू होता नोंदीचा, पण काही वर्षांतच एक चांगली गोष्ट दिसली. गर्भाशयमुखाच्या कर्करोगाच्या बायका पूर्वीपेक्षा लवकरच्या टप्प्यावर येऊ लागल्या. नवे यंत्र आले नव्हते, फक्त कुणीतरी गावात येऊन नीट सांगितले होते.

याच पायावर पुढचे मोठे काम झाले. १९९९ पासून जिल्ह्यातल्या ३० ते ५९ वर्षांच्या १,३१,७४६ बायकांचा अभ्यास सुरू झाला. गावांचे ५२ गट केले आणि चिठ्ठी टाकावी तसे चार भागांत वाटले. तीन भागांत तीन वेगवेगळ्या पद्धतींनी गर्भाशयमुखाची तपासणी झाली. चौथ्या भागातल्या ३१,४८८ बायकांना माहिती मिळाली, तपासणी नाही. २००९ मध्ये डॉ. शंकरनारायणन आणि सहकाऱ्यांनी निष्कर्ष छापले. एचपीव्ही विषाणूची एकदाच तपासणी झालेल्या ३४,१२६ बायकांत या रोगाने ३४ मृत्यू झाले. तपासणी न झालेल्या चौथ्या भागात ६४. जागतिक आरोग्य संघटना आज हीच तपासणी आधी करा म्हणते, त्यामागे अशा अभ्यासांचा पुरावा आहे. जिल्ह्याचे नाव आता धाराशिव झाले, पण जगभरच्या डॉक्टरांच्या वाचनात तो अभ्यास 'उस्मानाबाद'चा म्हणूनच राहील.

याचा अभिमान वाटतो आणि त्याच वेळी ते ६४ मृत्यू डोळ्यांसमोरून हलत नाहीत. त्यात कुणाची खाला असेल, कुणाची आजी. तपासणीविना बायकांचा गट ठेवणे योग्य होते का, असा जाहीर सवाल परदेशातल्या काही डॉक्टरांनी नंतर केला. त्या काळी या खेड्यांत कुणालाच तपासणी मिळत नव्हती, हेही खरे. माझ्या मते या वादातला खरा प्रश्न आपल्याला आहे. ज्या जिल्ह्याने जगाला हा पुरावा दिला, त्या जिल्ह्यातल्या आपल्या घरातल्या बायकांची तपासणी झाली आहे का? आज घरी गेल्यावर विचारून पाहा.

मामूंच्या आजारासाठी मात्र अशी तपासणी नाही. इतक्या दुर्मिळ रोगासाठी गावच्या गाव कुणी तपासत नाही. इथे बार्शीचा पहिला धडाच कामाला येतो. खूण ओळखा, लाजू नका, लवकर दाखवा. लघवीत एकदा जरी रक्त दिसले, ते दुखल्याशिवाय आले आणि आपोआप थांबले, तरी डॉक्टरांकडे जा. बहुतेक वेळा कारण साधे निघेल, मुतखडा किंवा जंतुसंसर्ग. पण औषध घेऊनही रक्त पुन्हा आले तर सोनोग्राफी करायची का, दुर्बिणीने बघायचे का, हे डॉक्टरांना तोंडाने विचारा. चिकट काही जात असेल तर तेही सांगा. मरण अल्लाहच्या मर्जीने येते, यावर माझा ईमान आहे. पण आधी उंट बांधायचा आणि मग तवक्कुल करायचे, हेही आपल्याला लहानपणीच शिकवले आहे.

कर्करोगाच्या नोंदी जगभर एकाच यादीप्रमाणे ठेवतात. प्रत्येक जागेला एक आकडा असतो. युरेकससारख्या विसरलेल्या दोरीलाही तो आहे, सी ६७.७. मामूंच्या मय्यतीनंतर मी घरातल्या वहीत त्यांचे नाव, तारीख आणि आजार लिहिला. खाली आईला विचारून नाना-नानींचेही लिहायला बसलो. दोघांच्या नावापुढची आजाराची जागा अजून कोरी आहे.