वाद्याची निवड : तुणतुण्यापासून गिटारपर्यंत

गेल्या उन्हाळ्यांत पारनेरला एका स्नेह्यांच्या घरीं माझा मुक्काम होता. रात्रीं जेवणें आटोपल्यावर त्यांचा चौदा वर्षांचा मुलगा जवळ येऊन बसला आणि म्हणाला, "काका, मला गिटार शिकायची आहे. कोणती घेऊं?" वडिलांनीं वर्तमानपत्रांतून मान वर काढली नाहीं. आजींनीं मात्र स्वयंपाकघरांतूनच विचारलें, "आपल्यांत कोण वाजवतं रे तें?" मुलाच्या प्रश्नाला उत्तर देणें कठीण नव्हतें, आजींच्या प्रश्नानें मात्र मी घोटाळ्यांत पडलों. आजचें भाषण त्या दुसऱ्या प्रश्नावर आहे. पहिल्याचें उत्तर ओघांत येईलच.

'आपल्यांत कोण वाजवतं?' हें विचारणें आज आपणांस जुनाट वाटेल. परंतु शे-दीडशें वर्षांपूर्वीं पारनेरच्या परिसरांत वाद्यासंबंधीं विचारण्याजोगा तोच एक प्रश्न होता. कोणतें वाद्य घेऊं, असें कोणी कोणास विचारीत नसे; कारण मनुष्य वाद्य निवडीत नसे. तें त्याच्याकडे जन्मानें, देवाच्या नात्यानें किंवा सेवेच्या वाटणीनें चालत येई. याच तालुक्यांत पिंपळगांव रोठा येथें कोरठणच्या खंडोबाचें प्रसिद्ध ठाणें आहे. खंडोबाच्या जागरणांत वाघ्याच्या हातीं दिमडी, मुरळीच्या हातीं घोळ आणि पाठीमागें उभ्या राहणाऱ्या साथीदाराच्या हातीं तुणतुणें. गोंधळ्यांचें संबळ आणि तुणतुणें, शाहिराचा डफ आणि पुन्हा तुणतुणेंच. ज्याच्या घरीं जें, त्याच्या हातीं तें.

या तुणतुण्याविषयीं दोन शब्द अधिक बोलल्यावांचून मला पुढें जाववत नाहीं. लांकडी नळकांडें, त्याच्या तळाला ताणून बसविलेलें कातडें, बाजूस ठोकलेली एक काठी, आणि कातड्याच्या मध्यांतून निघून काठीच्या खुंटीला गुंडाळलेली एकच तार : एवढाच त्याचा संसार. पडदे नाहींत, बोटें फिरविण्यास जागा नाहीं. एकच गोष्ट पुनःपुन्हां सांगणाऱ्या माणसास 'याचें आपलें एकच तुणतुणें' म्हणून आपण हिणवितों, तें यामुळेंच. परंतु नवशिक्याच्या दृष्टीनें पाहिलें तर नवख्या पोरास उभें करण्यास याहून चांगली जागा नाहीं. त्याला करावयाचें असतें तें दोनच : गाणाऱ्याच्या आवाजाला तार जुळवावयाची, आणि लय सोडावयाची नाहीं. हें करीत असतां सारें जागरण, सारा पोवाडा त्याच्या कानांवरून रात्रभर वाहत असतो. खुंटी पिळून सूर मिळविणें, ज्यांत आजचा शिकाऊ मुलगा अडखळतो, तेंच तेथें पहिल्या दिवसाचें काम असे.

वारकऱ्यांच्या वीणेचें असेंच आहे. तुकोबांच्या परंपरेंतील संत निळोबाराय यांचें पिंपळनेर पारनेर तालुक्यांतलें. गांवोगांवच्या हरिनाम सप्ताहांत वीणा सात दिवस जमिनीला टेकवीत नाहींत. पहारे वांटून घेतलेले असतात, एकाच्या खांद्यावरून ती दुसऱ्याच्या खांद्यावर जाते. वीणा धरणारा तिच्यावर राग आळवीत नाहीं. तो सूर जपतो. शेतकरी, दुकानदार, शिक्षक असे सगळेच पहाऱ्याला उभे राहतात, आणि आपण वाद्य वाजवितों असें त्यांतल्या कोणाच्या मनांतही येत नाहीं.

सूर जपण्याचें हेंच काम मैफलींत तंबोरा करतो, आणि तंबोरा म्हटला कीं मिरज आली. मिरज हें पटवर्धनांचें संस्थान. १८१८ सालीं पेशवाई बुडाल्यावर हत्यारांची मागणी ओसरली, आणि शस्त्रें घडविणाऱ्या शिकलगार घराण्यांतील फरीदसाहेब एकोणिसाव्या शतकाच्या मध्यास सतार-तंबोऱ्यांच्या कामाकडे वळले. त्यांच्या वंशजांची व शिष्यांची वस्ती आजही सतारमेकरांची वस्ती म्हणून ओळखली जाते; २०२४ सालीं मिरजेच्या सतारीला व तंबोऱ्याला भौगोलिक मानांकनही मिळालें. तंबोऱ्याला लागणारा कडू भोपळा पंढरपूरच्या बाजूस, भीमेच्या परिसरांत पिकतो. म्हणजे ज्या पंढरीला पिंपळनेरची दिंडी वीणा घेऊन जाते, त्याच बाजूचा भोपळा मिरजेच्या तंबोऱ्याला नाद देतो.

मिरजेच्या कारागिराकडे तंबोरा घ्यावयास गेल्यास तो प्रथम विचारतो, गाणार कोण? पुरुषाच्या खालच्या पट्टीसाठीं मोठा तंबोरा, स्त्रीच्या उंच पट्टीसाठीं लहान. गळा आधीं आणि वाद्य मागून, ही त्याची रीत. येथें वाद्याची निवड झाली खरी. परंतु ती केली कारागिरानें आणि गुरूनें. शिष्यानें केवळ उचलून आणावयाचें.

ही व्यवस्था मोडली ती गेल्या शतकाच्या उंबरठ्यावर. १८७४ सालीं निघालेल्या पुण्याच्या गायन समाजानें गाणें सभ्य घरांत आणण्याचा खटाटोप आरंभिला होता. पण खरें वळण दिलें पंडित विष्णु दिगंबर पलुसकर यांनीं. कीर्तनकाराचा हा मुलगा. लहानपणीं दारूकामाच्या अपघातांत दृष्टि अधू झाली, शाळेचा रस्ता बंद झाला, म्हणून मिरजेस बाळकृष्णबुवा इचलकरंजीकरांकडे गाणें शिकण्यास राहिला. तेव्हां त्यांची स्वतःची निवड ही निवड नव्हतीच. त्यांनीं ५ मे १९०१ रोजीं लाहोरास गांधर्व महाविद्यालय स्थापिलें, १९०८ सालीं मुंबईस शाखा काढली, आणि स्वरलिपींतलीं क्रमिक पुस्तकें छापलीं. गुरूच्या घरीं वर्षानुवर्षें पाणी न भरतां, फी भरून, इयत्तेनें शिकावयाचें, ही कल्पना केवढी क्रांतिकारक होती हें आज ध्यानांत येणें कठीण आहे. कुलीन घरांतल्या मुली उघडपणें गाऊं-वाजवूं लागल्या त्या या वाटेनें. आणि 'कोणतें वाद्य घेऊं?' हा प्रश्नही याच वाटेनें जन्मास आला. स्नेह्यांच्या मुलानें मला विचारलेला प्रश्न म्हणजे फार तर सवाशें वर्षांची मिळकत आहे.

या नव्या विद्यार्थ्याची गरज बाजारानें लागलीच ओळखली. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस कलकत्त्याच्या द्वारकानाथ घोष यांनीं हातानें भाता चालवावयाची पेटी प्रचारांत आणली, आणि थोड्याच वर्षांत ती घरोघर पोंचली. पेटीला सूर लावावा लागत नाहीं. पट्टी दाबली कीं षड्ज तयार. नवशिक्याला यासारखें दुसरें सुख नाहीं, आणि जाणकारांचा आक्षेपही नेमका यावरच होता. सुरांमधला मींडेचा प्रवास तिच्यांत नाहीं, आणि तिचे सूर विलायती मापानें बसविलेले. १९४० च्या मार्चमध्यें ऑल इंडिया रेडिओनें पेटीवर बंदीच घातली. ती १९७१ सालीं सैल झाली. तीन दशकें जी पेटी नभोवाणीवर वर्ज्य होती, तीच त्या काळांत घराघरांत मुलांना सारेगम शिकवीत होती. बंदी घालणारे सर्वस्वीं चुकीचे होते असें मी म्हणणार नाहीं. पण नवशिक्याची सोय त्यांच्या हिशेबांत नव्हती, एवढें खरें.

आतां गिटारकडे येऊं. ती आपल्याकडे तीन वाटांनीं आली. पहिली वाट गोव्याची. पोर्तुगीज अमदानींत तेथील चर्चच्या शाळांतून मुलांना सोल्फा आणि व्हायोलिन शिकवीत. त्या शिक्षणावर वाढलेले गोमंतकीय वादक मुंबईच्या बँडांत, पुढें हॉटेलांत आणि बोलपटांच्या वाद्यवृंदांत शिरले. मुंबईच्या धोबी तलावावर विलायती वाद्यांचा बाजार जमला तो त्यांच्याच वस्तीच्या आधारानें. नगरलाही १८३१ पासून अमेरिकन मिशन होतें. परंतु रेव्हरंड नारायण वामन टिळकांनीं ख्रिस्ती भजनें अभंग-ओवीच्या छंदांत रचल्यामुळें तेथलें वळण देशीच राहिलें, आणि गिटार नगरकडून पारनेरास आली नाहीं.

दुसरी वाट हवाई बेटांची. तेथें एकोणिसाव्या शतकाच्या शेवटीं गिटार मांडीवर आडवी ठेवून तारांवरून पोलादी कांब सरकवीत वाजविण्याची तऱ्हा निघाली. पॅसिफिकमधील वादक टाउ मो यांनीं ती कलकत्त्यांत रुजविली. या पद्धतींत सुरांमध्यें खंड पडत नाहीं. पेटीला जी मींड साधली नाहीं ती येथें सहज साधते. म्हणूनच ब्रिजभूषण काब्रा (१९३७–२०१८) तिच्यावर राग वाजवूं शकले, आणि विश्वमोहन भट्ट यांना १९९४ सालीं ग्रॅमी पारितोषिक मिळालें. तिसरी वाट चित्रपटाची, आणि पारनेरास पोंचली ती हीच. १९७३ च्या 'यादों की बारात' मधल्या गाण्यांत भूपिंदर सिंग यांची गिटार ऐकून किती मुलांनीं हातांत काल्पनिक गिटार धरली असेल, याची मोजदाद नाहीं.

हें सारें मीं त्या रात्रीं मुलाला सांगितलें नाहीं. त्याला झोप आली असती. पण आजींचा प्रश्न मनांत घोळत होता. गिटार आपल्यांत कोणी वाजवीत नाहीं म्हणजे काय? तर ती कोणाचीच नाहीं. ना कुळाची, ना देवाची, ना घराण्याची; म्हणून ती कोणालाही घेतां येते. आणि त्याच कारणानें ती घेणारा एकटा असतो. तुणतुण्याची खुंटी पिळणाऱ्या पोराच्या शेजारीं चुलता उभा असे. तंबोरा मिरजेचा जाणता हात निवडी. गिटार घरीं येते ती खोक्यांतून, आणि ती बरी कीं वाईट हें सांगणारें घरांत कोणीच नसतें.

याचा पुरावा दुसऱ्या दिवशीं मिळाला. मुलानें माळ्यावरून एक गिटार काढली. त्याच्या चुलतभावानें घरबसल्या मागविलेली. दोन महिने त्यानें बोटें झिजविलीं, आणि 'माझ्या बोटांत संगीत नाहीं' असें म्हणून तिला कपडा गुंडाळून वर टाकली. मीं ती हातांत घेतली. बाराव्या पडद्यावर तार निम्मी होते. तेथें तारेची पडद्यापासूनची उंची मोजतां ती जवळजवळ सहा मिलिमीटर भरली. पोलादी तारांच्या गिटारला तेथें दोन-अडीच मिलिमीटर पुरतात, नायलॉनच्या तारांना तीन-चार. इतक्या उंच तारा दाबतांना पट्टीच्या वादकाचीही बोटें सोलवटलीं असतीं. दुसरी परीक्षा याहून सोपी. बाराव्या पडद्याच्या बरोबर वर तारेला बोट नुसतें टेकवून छेडावें आणि बोट लगेच उचलावें. घंटेसारखा बारीक नाद येतो. मग तेथेंच तार दाबून छेडावी. दोन्ही सूर एक आले पाहिजेत. या गिटारचा दाबलेला सूर स्पष्ट चढलेला होता. म्हणजे त्या मुलानें दोन महिने बोटें अगदीं बरोबर ठेवलीं असतीं तरी त्याच्या हातून बेसूरच निघालें असतें. दोष लांकडाचा, शिक्षा भोगली मुलानें.

म्हणून मीं आमच्या छोट्या मित्राला सांगितलें तें असें. प्रथम नायलॉनच्या तारांची घे. पूर्वीं या गिटारला तांत लावीत. दुसऱ्या महायुद्धाच्या काळांत तांतीचा तुटवडा पडला, तेव्हां न्यूयॉर्कच्या आल्बर्ट ऑगस्टीन यांनीं नायलॉनची तार बनविली आणि थोर वादक सेगोव्हिया यांनीं ती पसंत केली. ती बोटांना सौम्य असते. पहिले तीन-चार आठवडे बोटांचीं टोकें दुखतातच, पण रक्त निघत नाहीं. अंगापेक्षां मोठी गिटार घेऊं नकोस. तार ६५ सेंटिमीटर लांब असलेली ही पूर्ण मापाची, तुझा हात पुरत नसेल तर तीन-चतुर्थांश मापाची मिळते. दांडी एका डोळ्यानें बंदुकीसारखी पाहा, वांकडी असेल तर किंमत कितीही कमी असो, परत ठेव. रंग आणि चकाकी सगळ्यांत शेवटीं. दुकानांत जातांना वाजविणारा कोणी सोबत ने. तो परका असला तरी चालेल. आणि पारनेरचा उन्हाळा कोरडा, तेव्हां उन्हाच्या भिंतीवर ती टांगूं नकोस, पातळ लांकूड तडकतें.

परंतु नवी गिटार घेण्याची वेळ आली नाहीं. वडिलांनीं वर्तमानपत्र खालीं ठेवलें होतें. ते म्हणाले, हिलाच नीट करतां येत नाहीं का? घोडीवरचें हाड काढून खालून घासलें, पोलादी तारा बदलून हलक्या लावल्या; दोन तास गेले. उंची तीन मिलिमीटरवर आली. दाबलेला सूर अगदीं एकरूप झाला असें नाहीं, पण कानाला खटकेनासा झाला.

मग मुलगा तारा जुळवावयास बसला. मी, ला, रे, सोल, सी, मी. भ्रमणध्वनीवर सूर दाखविणारी सुई असते, तिच्याकडे पाहत तो खुंटी पिळीत होता. सुई हालत राहिली, तो वैतागला. आजी दारांत निवडणें घेऊन बसल्या होत्या. आयुष्यभर सप्ताहांत वीणेच्या पायाशीं बसलेली ही बाई. तांदळावरची नजर न काढतां त्या म्हणाल्या, "चढलाय तो. उतरव थोडा." त्यानें खुंटी सैल केली. "अजून," त्या म्हणाल्या.