लोखंडाला जागवणारे: आल्मोगाव्हरांचा रणघोष आणि युद्धरीती

तेराव्या शतकात आरागॉन आणि कॅटलोनिया हे प्रदेश एकाच राजाच्या अमलाखाली होते, आणि त्या राज्याच्या दक्षिण सरहद्दीवर ‘आल्मोगाव्हर’ या नावाचे हलके पायदळ वावरत असे. मुलूखगिरी करणारा या अर्थाच्या अरबी शब्दावरून हे नाव पडले होते. पहिल्या जाउमे राजाने १२२९ मध्ये मायोर्कावर स्वारी केली आणि १२३८ मध्ये व्हॅलेन्सिया शहर घेतले, त्या काळात हे लोक डोंगररानांत राहून शेजारच्या मुस्लिम मुलखात खोलवर शिरत आणि लुटीवर गुजराण करत. बर्नात देस्क्लोत या समकालीन बखरकाराने त्यांच्या काटकपणाचे, प्रसंगी रानभाजीवर दिवस काढण्याच्या सवयीचे आवर्जून वर्णन केले आहे.

त्यांचा सरंजाम या जीवनक्रमाला साजेसाच होता. चिलखताऐवजी आखूड अंगरखा आणि चामडी पायवेष्टने, हातात आखूड भाला, फेकण्यासाठी एक-दोन बरच्या, कमरेला रुंद पात्याचा सुरा आणि पाठीवरच्या कातडी झोळीत भाकरी व चकमक एवढ्यावर ते मोहिमेला निघत. चिलखती घोडेस्वाराशी गाठ पडली, की आधी घोड्याला बरची मारून स्वाराला जमिनीवर आणायचे आणि मग सुऱ्याने त्याला गाठायचे, ही त्यांची ठरलेली रीत होती.

‘देस्पेर्ता फेर्रो’, म्हणजे ‘लोखंडा, जागा हो’, ही त्यांची गर्जना याच रीतीचा भाग होती. सिसिलीतील गाल्यानो येथे १३०० मध्ये फ्रेंच सरदारांशी झालेल्या लढाईचे वर्णन रामोन मुंतानेर या बखरकाराने केले आहे. त्यानुसार आल्मोगाव्हरांनी ही आरोळी देत भाल्यांची पाती दगडांवर आपटली, तेव्हा ठिणग्यांनी सारा परिसर उजळला आणि प्रतिपक्ष थक्क झाला. या आरोळीने शत्रूच्या मनात धडकी भरे, तसेच वेगवेगळ्या टोळ्यांतून आलेली माणसे एकाच क्षणी, एकाच निश्चयाने पुढे सरसावत, आणि शिस्तीची कवायत नसलेल्या पायदळाच्या दृष्टीने ही एकजूट फार मोलाची होती.

गाल्यानोच्या लढाईत कैद झालेला ब्रिएनचा वॉल्टर पुढे अथेन्सचा ड्यूक झाला. आल्मोगाव्हरांचा मोठा भरणा असलेली ‘कॅटलान कंपनी’ ही भाडोत्री फौज १३०३ मध्ये बायझंटाईन सम्राटाच्या चाकरीसाठी पूर्वेकडे गेली होती. तिने १३११ मध्ये ग्रीसमध्ये याच वॉल्टरच्या घोडदळाला दलदलीत अडकवून त्याचा पराभव केला आणि त्याला ठार केले. या विजयाने अथेन्सची सत्ता कंपनीच्या हाती आली. म्हणूनच आल्मोगाव्हरांना केवळ रानटी लुटारू म्हणून बाजूला सारणे अन्यायाचे ठरेल, कारण सरहद्दीवरील खडतर जगण्यातून त्यांनी स्वतःचे युद्धशास्त्र घडवले होते आणि युरोपातील सरंजामी घोडदळाला पायदळ पराभूत करू शकते, हे त्यांनी रणांगणावर सिद्ध करून दाखवले.