हरणाच्या आतला मारीच

निफाड तालुक्यात गोदावरीला कादवा जिथे येऊन मिळते, तिथे नांदूर मध्यमेश्वर वसले आहे. नाशिकपासून हे अंतर चाळीसेक किलोमीटरचे. आज गाव ओळखले जाते ते पक्ष्यांमुळे, पण त्याची जुनी ओळख देवळांची. मध्यमेश्वरावरून गावाला नाव मिळाले, आणि नदीकाठी दुसरे देऊळ आहे ते मृगव्याधेश्वराचे. मृग म्हणजे हरीण, व्याध म्हणजे पारधी, आणि ईश्वर म्हणजे महादेव. परंपरा सांगते, की पंचवटीतून कांचनमृगाचा पाठलाग करत निघालेल्या रामाने मारीचावर बाण सोडला तो इथे. रामकथेतला एवढा मोठा प्रसंग ज्या जागेशी जोडला गेला, तिच्या नावात रामही नाही आणि मारीचही नाही. आहे ते बाण लागलेले हरीण. हा योगायोग मानून पुढे जाता येईल. मला मात्र वाटते, की या नावात एका खलपात्राची खरी ओळख टिकून राहिली आहे. मारीचाचे मृगरूप हे वेळेपुरते घेतलेले सोंग नव्हते. हरीण त्याच्या आयुष्यात पुन्हा पुन्हा आले, आणि त्याचे क्रौर्य, त्याची धास्ती, त्याचा पश्चात्ताप आणि शेवटी त्याचा मृत्यू या सगळ्यांना त्या हरणाचेच शरीर मिळाले.

आधार वाल्मीकींचाच घ्यायचा. मारीच हा त्राटिकेचा मुलगा. त्राटिका मुळात यक्षिणी. अगस्त्यांच्या शापाने आई आणि मुलगा दोघेही राक्षस झाले, असे बालकांड सांगते. म्हणजे राक्षसपण हेच मुळी त्याच्यावर लादले गेलेले रूप होते. विश्वामित्रांच्या यज्ञात विघ्न आणायला तो गेला, तेव्हा कोवळ्या वयाच्या रामाने त्याला अस्त्राने शंभर योजने दूर समुद्रात फेकले, पण जिवे मारले नाही. पुढे दंडकारण्यात त्याने दोन सोबत्यांसह मृगाचे रूप घेतले. हे हरीण मांस खाणारे होते. त्याला मोठ्या दाढा होत्या, तीक्ष्ण शिंगे होती आणि तपस्व्यांचे रक्त त्याला चालत होते. जुने वैर आठवून ते रामावर धावून गेले. रामाने तीन बाण सोडले, दोघे मेले आणि मारीच कसाबसा निसटला. त्यानंतर तो बदलला. रावण त्याला भेटायला गेला, तेव्हा मारीच जटा वाढवून, मोजके खाऊन, काळविटाचे कातडे पांघरून आश्रमात राहत होता. वनातल्या झाडाझाडात त्याला वल्कले नेसलेला राम दिसे. रत्न, रथ असे ‘र’ने सुरू होणारे शब्द कानावर पडले तरी त्याचा थरकाप होई, असे तो स्वतः रावणाला सांगतो. ज्या प्राण्याच्या रूपाने पाप केले, त्याच प्राण्याचे कातडे अंगावर घेऊन तो प्रायश्चित्त करत होता.

रावणाने अर्ध्या राज्याचे आमिष दाखवले आणि नकार दिलास तर मीच मारीन अशी धमकीही दिली. दोन्हीकडे मरणच दिसत असताना मारीचाने रामाच्या हातचे मरण पत्करले. आणि मग हरीण तिसऱ्यांदा आले, सोनेरी अंगावर रुप्याचे ठिपके असलेले. इथे वाल्मीकी एक बारीक गोष्ट टिपतात, आणि माझ्या मते सगळ्या प्रसंगाची किल्ली तिच्यात आहे. पर्णकुटीच्या आसपास चरणारी खरी हरणे या नव्या हरणाजवळ येतात, त्याला हुंगतात आणि दाही दिशांना पळून जातात. माणसांना रूप दिसते, जनावरांना वास येतो. आणि हरणे मारून खायची सवय असलेला हा राक्षस त्या दिवशी त्यांना नुसता स्पर्श करतो, खात नाही. आपला खरा भाव लपवायचा म्हणून, असे कारण कवीने दिले आहे. कारण काहीही असो, हा क्षण विलक्षण आहे. आयुष्यभर ज्यांना मारले, त्यांच्या कळपात उभे राहून त्यांना स्पर्श करायचा आणि ती मात्र आपल्याला सोडून पळतात हे पाहायचे, एवढेच त्याच्या वाट्याला उरले होते. पुढे रामाचा बाण मृगाचे शरीर भेदून मारीचाच्या काळजात घुसतो. वाल्मीकींनी दोन्हींचा वेगळा उल्लेख केला आहे: शरीर हरणाचे, काळीज मारीचाचे. ताडाएवढी उंच उडी घेऊन ते हरीण कोसळते, आणि मरता मरता मारीच ते शरीर टाकून देतो.

यावर पहिला आक्षेप असा, की हे सारे मायेचे खेळ आहेत. राक्षस हवे ते रूप घेतात. त्यात आत्म्याचे नाते कसले शोधायचे? आक्षेप रावणाला लागू पडतो, मारीचाला पडत नाही. रावण भिक्षूचे रूप घेतो, काम झाले की फेकतो. त्या भिक्षूचे त्याच्या मनात काही उरत नाही. मारीचाकडे मात्र हरीण परत परत येते, आणि प्रत्येक वेळी त्याच्या मनाची स्थिती बदललेली असते: आधी हिंसा, मग तप, मग शरणागती. आजच्या कल्पनारम्य साहित्यातले एक उदाहरण इथे उपयोगी पडते. फिलिप पुलमन यांच्या ‘हिज डार्क मटेरियल्स’ या कादंबरीत्रयीतल्या जगात प्रत्येक माणसाचा आत्मा प्राण्याच्या रूपाने त्याच्या सोबत वावरतो. एकाला इजा झाली की दुसऱ्याला वेदना होते, आणि माणूस मेला की तो प्राणीही नाहीसा होतो. त्यातल्या मिसेस कोल्टर या क्रूर स्त्रीचा सोबती आहे एक सोनेरी माकड, आणि त्याला कादंबरीत नावसुद्धा नाही. ती इतरांशी जशी वागते, तशी स्वतःच्या आत्म्याशीही कठोर वागते. आपल्या सोनेरी हरणाची कथा याहून कितीतरी जुनी आहे आणि तिची घडण वेगळी आहे, पण प्रश्न तोच आहे. दुष्टाच्या आत जे कोवळे उरलेले असते, त्याचे तो काय करतो? मिसेस कोल्टर त्याला धाकात ठेवते. मारीच त्याला बाणासमोर उभे करतो.

दुसरा आक्षेप अधिक वजनदार आहे. मृगव्याध हे नाव रामकथेतले नाहीच. ते रुद्राचे आहे. ऐतरेय ब्राह्मणात कथा आहे, की प्रजापतीला स्वतःच्या मुलीचा मोह पडला. ती हरिणी झाली तेव्हा तो मृग होऊन तिच्यामागे लागला. हे पाप पाहून देवांनी आपली सारी उग्र रूपे एकत्र करून एक पुरुष निर्माण केला, आणि त्याने त्या मृगाला बाण मारला. आकाशात आजही ते दिसतात: मृग नक्षत्र, त्याच्या पोटातला तीन ताऱ्यांचा बाण, मागे व्याधाचा तेजस्वी तारा, पुढे रोहिणी. लोकमान्य टिळकांनी 1893 मध्ये प्रसिद्ध केलेल्या ‘ओरायन’ या ग्रंथात वेदांच्या काळाचा विचार याच नक्षत्राच्या आधारे केला. शिवमहिम्न स्तोत्र घराघरांत म्हटले जाते. त्यातही ही कथा आहे, आणि त्या व्याधाचा आवेश अजून त्या मृगाची पाठ सोडत नाही असे तिथे म्हटले आहे. तेव्हा नांदूरचे देऊळ मुळात शैव असावे आणि रामकथा त्याला नंतर चिकटली असावी, अशी शंका कोणी घेतली तर ती रास्तच आहे. पण या शंकेने माझे म्हणणे मोडत नाही, उलट बळकट होते. रामाने बाण मारल्याची कथा गोदाकाठी कुठेही सांगता आली असती. ती मृगव्याधाच्या देवळाशी येऊन स्थिरावली, कारण सांगणाऱ्यांना दोन्ही कथांमधले साम्य जाणवले होते. दोन्हींत पाप करणारा वेगळा असतो, ते घडते हरणाच्या शरीरातून, आणि बाण त्या हरणाला लागतो. रामापेक्षा आणि मारीचापेक्षा हरीण महत्त्वाचे ठरले ते याच जोडणीमुळे.

तिसरा आक्षेप इतिहासाचा. पंचवटी नाशिकचीच कशावरून? 1950-51 मध्ये नाशिकला उत्खनन करणारे पुरातत्त्वज्ञ ह. धी. सांकलिया यांनी पुढे रामायणातली लंका मध्य भारतात असावी असे मत मांडले. रामकथेचा भूगोल हा वादाचा विषय आहे आणि राहील. शिवाय कांचनमृगावर हक्क सांगणारे नांदूर हे एकटे गाव नाही. गोदावरीच्या प्रवाहात बरेच खाली, प्रवरासंगमाजवळ कायगाव आहे. तिथे हरणाची काया पडली म्हणून कायगाव, अशी व्युत्पत्ती लोक सांगतात. भाषाशास्त्रासमोर ती टिकेल असे नाही. परंतु मी इथे घटनेचा पुरावा मांडत नाही, स्मृतीचा मांडतो आहे, आणि स्मृतीचा पुरावा भक्कम आहे. नाशिकच्या पांडवलेण्यांत गौतमीपुत्र सातकर्णीची आई बलश्री हिचा दुसऱ्या शतकातला लेख आहे. त्यात मुलाची तुलना करताना नाभाग, नहुष, जनमेजय, सगर, ययाती, अंबरीष या पुराणप्रसिद्ध राजांच्या रांगेत रामाचेही नाव येते. म्हणजे या खोऱ्यात ही नावे किमान अठराशे वर्षे माणसांच्या ओठांवर आहेत. इतक्या काळात नदीकाठच्या गावांनी एक प्रसंग आपापसांत वाटून घेतला, बाण एकाने घेतला आणि काया दुसऱ्याने. दोन्ही गावांनी जपले ते हरीणच, हे लक्षात घेण्यासारखे आहे.

खलपात्राला पुसून न टाकता जागा देण्याची ही रीत नाशिकच्या परिसरात नवी नाही. सप्तशृंगीच्या पायऱ्या चढण्याआधी महिषासुराच्या मस्तकाचे दर्शन घेतले जाते. देवीने ज्याला मारले, त्याला नमस्कार केल्याशिवाय देवीकडे जायचे नाही. गावोगावचा शेंदूर फासलेला म्हसोबा हा त्याच महिषाशी नाते सांगतो, असे दामोदर धर्मानंद कोसंबी यांच्यासारख्या अभ्यासकांनी मांडले आहे. जिल्ह्याच्या पश्चिमेकडच्या आदिवासी पट्ट्यात बोहाडा होतो, तेव्हा देवांच्या मुखवट्यांबरोबर त्राटिकेचाही मुखवटा रात्रभराच्या खेळात नाचतो. तो मुखवटा कोणी हलक्या मनाने चढवत नाही. त्याचा मान असतो. मारीचाची आई अशी अजून दरवर्षी मशालींच्या उजेडात येते. मुलाला मुखवटा मिळाला नाही, त्याला हरीण मिळाले.

शेवटचा आक्षेप नीतीचा. मरताना मारीचाने रामाच्या आवाजात मारलेल्या हाकेमुळेच लक्ष्मण पर्णकुटीपासून दूर गेला आणि सीतेचे हरण झाले. अशा माणसाबद्दल कळवळा दाखवणे हा सीतेवर अन्याय नाही का? हा प्रश्न टाळता येत नाही. मारीचाने रामाच्या आवाजात टाहो फोडला तो पूर्ण जाणीवपूर्वक, रावणाला दिलेला शब्द पाळण्यासाठी. त्याचा अपराध हरणाच्या डोळ्यांनी धुतला जात नाही. भक्तिपरंपरेने, विशेषतः अध्यात्म रामायणाने, त्याच्या देहातले तेज रामात विलीन झाले असे सांगून त्याला मुक्ती देऊन टाकली. मला तेवढी सोपी सुटका पटत नाही. पण त्याला निव्वळ कपटी म्हणून बाजूला सारणेही खोटे ठरेल. ज्याला पुढचा परिणाम दिसत होता, ज्याने रावणाला परोपरीने समजावले, आणि तरीही जो गेला, त्याचा अपराध अजाणत्याच्या अपराधापेक्षा मोठा आहे. हरीण हे त्याच्या निरपराधपणाचा पुरावा नाही. योग्य काय ते त्याला कळत होते, याचा तो पुरावा आहे. मराठीने हे फार नेमके पकडले. कोणी अप्राप्य गोष्टीमागे धावू लागला, की आपण त्याला कांचनमृगाच्या मागे लागला असे म्हणतो. त्या शब्दात धावणाऱ्याच्या मोहाला बोल आहे, हरणाला नाही.

नांदूरला 1907 ते 1913 या काळात दगडी बंधारा झाला, पाणी अडले, गाळ साचला, बेटे तयार झाली आणि पाखरे येऊ लागली. 1986 मध्ये अभयारण्य जाहीर झाले. 2020 मध्ये रामसर यादीत आलेले महाराष्ट्रातले पहिले पाणथळ ठिकाण म्हणून त्याची घोषणा झाली. ज्या गावात देव पारधी म्हणून पूजला जातो, तिथल्या पाण्यावर आता शिकारीला बंदी आहे. शेजारच्या येवला तालुक्यात ममदापूरच्या माळावर काळवीट राखले जातात. पौष महिन्यात निफाडचा पारा अनेकदा राज्यात सर्वांत खाली उतरतो, द्राक्षबागांत शेकोट्या पेटतात, आणि रात्री मृग नक्षत्र डोक्यावर येते. त्याच्या पोटात बाण तसाच आहे. व्याधही मागे आहेच. खाली पाणथळीच्या काठावर मात्र उत्तरेकडून आलेले चक्रवाक निर्धास्त झोपलेले असतात.