मागितले ते एक गाव

इ. स. ७० मध्ये टायटसच्या रोमन सैन्याने जेरुसलेम जिंकले आणि ज्यूंचे मंदिर जळाले. बळी, पुरोहित, यात्रा सारे त्या वास्तूशी बांधलेले. ती गेल्यावर धर्म टिकला कसा?

तालमूद ग्रंथात एक कथा आहे. वेढा चालू असताना वृद्ध आचार्य योहानान बेन झक्काई प्रेताचे सोंग घेऊन, शिष्यांच्या खांद्यावरून शहराबाहेर पडले. रोमन सेनापती व्हेस्पेशियनकडे त्यांनी मागितले याव्ने गाव आणि तिथले विद्वान. कथेत आख्यायिकेचा भाग असेल. पण पुढे याव्ने विद्येचे केंद्र झाले, हा इतिहास आहे. बळींची जागा प्रार्थनेने व अध्ययनाने घेतली. इ. स. २०० च्या सुमारास यहूदा हनासी यांनी मुखपरंपरेतील धर्मनियम ‘मिश्ना’त संकलित केले. त्यात अमान्य झालेली मतेही नोंदली आहेत.

योहानान यांच्यावरचा आक्षेपही तालमूदने गाळला नाही: त्यांनी जेरुसलेमच का मागितले नाही? उत्तरही तिथेच आहे: फार मागितले असते, तर थोडेही वाचले नसते.

आम्हा जैनांना ही धडपड परकी वाटत नाही. श्रुत लोपेल या चिंतेने आचार्य धरसेनांनी पुष्पदंत व भूतबली यांना शिकवले, आणि षट्खंडागम ग्रंथरूप झाला, असे आमची परंपरा सांगते.

महाराष्ट्राबाहेरच्या आपल्या मंडळांपुढेही सभागृह आधी की मुलांचा मराठी वर्ग आधी, असा प्रश्न येतो. तेव्हा याव्ने आठवावे, आणि योहानान यांच्यावरचा आक्षेपही.