ज्वालामुखीचं तोंड

बीडहून गाडी काढून उत्तरेला चार दिवस फिरायचं, तर सगळा रस्ता ज्वालामुखीच्या खडकावरूनच जातो. शहागडला गोदावरी ओलांडायची, पहिला मुक्काम वेरूळला, दुसरा अजिंठ्याला, तिसरा लोणारला आणि मंठ्यावरून परत. मात्र वाटेत ज्वालामुखीचा डोंगर असा एकही नाही. सुमारे ६ कोटी ६० लाख वर्षांपूर्वी इथला लाव्हा जमिनीच्या लांबलचक भेगांतून आला आणि थरावर थर पसरत गेला. आठव्या शतकात राष्ट्रकूटांच्या कारागिरांनी कैलास लेणं वरून खाली कोरलं, ते याच दगडात.

एखादा दिवस जास्तीचा काढायचा, तर तो लोणारसाठी. जवळपास १.८ किलोमीटर रुंदीचं ते गोल विवर पाहून कुणालाही वाटेल, हेच ते तोंड! पुराणाने ते लवणासुराच्या नावावर टाकलं, एकोणिसाव्या शतकातल्या भूशास्त्रज्ञांनी ज्वालामुखीच्या. अमेरिकेच्या गिल्बर्टने १८९६ मध्ये त्याची तुलना ॲरिझोनातल्या विवराशी केली. गंमत म्हणजे तेही विवर त्याने ज्वालामुखीच्याच खाती लिहिलं होतं. लोणारचा उलगडा १९७३ मध्ये झाला. तिथल्या नमुन्यांत प्रचंड आघाताने काचेसारखं झालेलं खनिज सापडलं. म्हणजे दगड ज्वालामुखीचा, खड्डा उल्केचा.

एरवी आडवे, आपल्या बालाघाटात दिसतात तसे पायऱ्यापायऱ्यांचे थर लोणारच्या काठावर मात्र उचलले जाऊन बाहेरच्या बाजूला कललेले आहेत. ते नीट पाहायला एक अख्खी सकाळ राखून ठेवावी.